माजघरांतून : शतावरीचें सायदार सूप

आषाढ लागला कीं आमच्या चोपड्याच्या बाजारांत केळ्यांच्या घडांच्या आणि वांग्यांच्या राशींच्या पलीकडे एक निराळीच रांग बसूं लागते. उत्तरेस सातपुड्याचा जो निळा पट्टा दिसतो, त्याच्या पायथ्याच्या पाड्यांवरून पावरा व भिल्ल बायका पहाटेच निघून येतात आणि पाटींतून टाकळा, कुरडू, करटोलीं असा पहिल्या पावसाचा मेवा गोणपाटावर मांडतात. त्यांतच कधीं कधीं बारीक बोरूसारख्या, खवलेदार टोंकांच्या हिरव्या कोंबांची एखादी जुडी असते. आम्हां गांवांतल्या बायकांची नजर तिच्यावरून सहज पुढें सरकते. गेल्या वर्षापर्यंत माझीही सरकत होती. परंतु त्याच जुडीनें आमच्या घरांतील एक अवघड महिना निभावून नेण्यास हातभार लावला, म्हणून या खेपेस तिच्याविषयीं लिहिण्याचें योजिलें आहे.

गेल्या ज्येष्ठांत आमच्या मामंजींना फुफ्फुसाचा दाह होऊन बारा दिवस रुग्णालयांत राहावें लागलें. वय चौऱ्यायशीं, सारा जन्म शाळामास्तरींत गेलेला. दुखणें हटलें, ताप गेला, पण घरीं आले ते अन्नावरची वासना तेथेंच ठेवून आले. गालफडें बसल्यामुळें कवळी सैल झालेली, तोंडाला चव नाहीं, आणि कोणी ताट पुढें केलें कीं, "नको, मग पाहूं," एवढेंच उत्तर. मऊ भात झाला, मुगाचें कढण झालें, तांदळाची पेज झाली, साबुदाण्याची लापशी झाली, ताकाची कढी झाली. प्रत्येक पदार्थाचे दोन चमचे होत आणि वाटी परत येई. सासूबाई दर पदार्थागणिक त्यांच्याजवळ जाऊन बसत आणि रिकाम्या हातानें उठत. तीन आठवड्यांत वजन चार किलोंनीं उतरलें. तेव्हां डॉक्टरांनीं माझ्या यजमानांना बाजूस घेऊन सांगितलें, "औषधाचें काम संपलें आहे, आतां हें काम तुमच्या स्वयंपाकघराचें. हें असेंच चाललें तर पुन्हां दाखल करून नळीनें अन्न द्यावें लागेल." त्या रात्रीं आमच्या माजघरांत बराच वेळ कोणी कोणाशीं बोललें नाहीं.

घरांत आम्ही चार बायका : सासूबाई, मी, धाकट्या जाऊबाई, आणि माघांत लग्न होऊन आलेली माझी सून. ती पुण्याची. दुसऱ्या दिवशीं सकाळीं तिनें भीत भीतच विचारलें, "आई, आजोबांना ॲस्परॅगसचें सूप करून देऊं का? दाट असतें, चावावें लागत नाहीं, आणि कढणासारखें आजारीपणाचें वाटत नाहीं." मी मनांत हंसलें. चोपड्यास कोठला आला आहे ॲस्परॅगस! पुण्यामुंबईच्या मंडईंत त्याच्या जुड्या मिळतात हें मला ठाऊक होतें; आमच्याकडे फार तर जळगांवाहून डबा मागवावा. शिवाय पन्नास वर्षें ज्यांनीं वरणभातावर काढलीं, त्यांना या वयांत फिरंगी सूप काय रुचणार? मी तिला तसें स्पष्ट बोललें नाहीं. पण माझा चेहरा बोलला असावा, कारण ती गप्प झाली.

त्याच आठवड्यांत बाजाराच्या दिवशीं ती माझ्याबरोबर आली होती. रानभाज्यांच्या रांगेपाशीं ती एकाएकीं थबकली आणि ती जुडी उचलून म्हणाली, "आई, हें पाहा. बारीक आहे, पण तेंच आहे." भाजीवालीला विचारलें, "मावशी, हें काय?" तिनें उत्तर दिलें, "शतावरी."

येथें वनस्पतिशास्त्राची थोडी माहिती सांगितली पाहिजे. युरोपांत ज्याचें सूप करतात तो ॲस्परॅगस आणि आपली शतावरी हीं एकाच कुळांतील नव्हे, तर एकाच प्रजातींतील सख्खीं भावंडें आहेत. विलायती वनस्पतीला शास्त्रांत ॲस्परॅगस ऑफिसिनॅलिस म्हणतात व आपल्या शतावरीला ॲस्परॅगस रेसिमोसस. दोहोंचीं मुळें जमिनींत वर्षानुवर्षें जिवंत राहतात आणि अनुकूल ऋतु आला कीं जमिनींतून सरळ कोंब वर येतात. तिकडे हा ऋतु वसंत. आपल्याकडे पावसाळ्याचा आरंभ. विलायती कोंब जाड व मांसल, कारण शेंकडों वर्षें शेतांत वाढवून त्याला तसा केला आहे. त्यावर मातीची भर घालून ऊन लागूं दिलें नाहीं तर तो पांढरा राहतो, ऊन लागलें तर हिरवा होतो. आपला कोंब रानचा. म्हणून बारीक, किंचित् कडसर, आणि लवकर निबर होणारा. वाढूं दिला तर त्याचा कांटेरी वेल होतो, त्यावर सुईसारखीं बारीक पानें दिसतात, पांढरीं सुवासिक फुलें व मागाहून तांबडीं फळें येतात. प्राचीन रोममध्यें ही भाजी इतकी परिचयाची होती कीं ऑगस्टस बादशहा झटपट उरकण्याच्या कामाला ती शिजण्याची उपमा देत असे, असें त्याचा चरित्रकार सुटोनियस नमूद करतो. ही उपमा आमच्या पुढें चांगलीच उपयोगी पडली, कारण आमची पहिली चूक अति शिजविण्याचीच होती. आणखी एक गोष्ट सांगण्यासारखी आहे. प्रथिनें ज्यांचीं बनतात त्या अमिनो आम्लांपैकीं अगदीं पहिलें जें शास्त्रज्ञांच्या हातीं लागलें, तें १८०६ सालीं फ्रान्समध्यें व्होक्लें व रोबिके यांनीं या कोंबांच्या रसांतूनच वेगळें काढिलें, आणि म्हणून त्याला 'ॲस्परजिन' हें नांव मिळालें.

घरीं येऊन सासूबाईंच्या पुढें जुडी ठेविली. त्यांनीं ती हातांत घेऊन पाहिली आणि म्हणाल्या, "अग, शतावरी म्हणजे मूळ ना? तुझ्या बाळंतपणांत शतावरीचें तूप केलें होतें तें?" त्यांचें म्हणणें खरेंच होतें. आमच्या घरांत शतावरी पिढ्यान् पिढ्या होती. पण ती वैद्याच्या पुडींतून आलेली, वाळलेल्या पांढऱ्या मुळ्यांची. तिचा कल्प बाळंतिणीला दुधांतून दिला जाई. चरक-सुश्रुतांच्या संहितांपासून तिचें नांव घेतलें जातें. एका बुंध्याशीं मुळ्यांचा मोठा झुबका असतो म्हणून शतमूली हेंही तिचें नांव. मूळ असें औषध म्हणून फडताळांत मानानें बसलें; कोंब मात्र रानभाजी म्हणून उंबरठ्याबाहेर राहिला. पलंगावरून मामंजी ऐकत होते. बऱ्याच दिवसांनीं ते आपण होऊन बोलले : "लहानपणीं ह्या बायका दारावर येत. आई मूळ घ्यायची; कोंब नको म्हणायची. म्हणे, ही आपल्यांतली भाजी नव्हे." आणि थोडें थांबून म्हणाले, "चव कशी असते कोण जाणे." सुनेनें माझ्याकडे पाहिलें. मीं जुडी उचलून तिच्या हातांत दिली.

आतां आमची पहिली फजिती सांगतें, कारण ती ऐकल्यावांचून पुढील कृतीचें मर्म कळणार नाहीं. सुनेनें कोंब धुवून अख्खे चिरले, पातेल्यांत झांकण ठेवून अर्धा तास शिजविले, यंत्रांतून बारीक केले, पुन्हां उकळी आणिली आणि शीतकपाटांतील सायीच्या भांड्यांतून चांगली वाटीभर साय त्यांत ओतिली. मी देवपूजेच्या गडबडींत होतें. आलें तों पातेल्यांत करड्या रंगाचें पाणी आणि त्यावर पांढऱ्या गुठळ्या! मामंजींनीं एक चमचा तोंडांत घेतला, बोटांनीं जिभेवरचा दोरा काढला, आणि वाटी हळूच बाजूस सारली. तिचा अपमान होऊं नये म्हणून ते एवढेंच म्हणाले, "छान आहे हो, पण आज भूक नाहीं." पोर स्वयंपाकघरांत जाऊन ओट्याशीं पाठमोरी उभी राहिली. त्या क्षणीं माझ्या मनांत जें आलें तें कबूल करतें : "मीं म्हटलें नव्हतें का?" हें वाक्य माझ्या ओठांवर होतें. सासूबाई माझ्या आधीं आंत गेल्या. त्यांनीं पातेल्यांत पळी फिरविली, वास घेतला आणि विचारलें, "साय कोणच्या भांड्यांतली घेतलीस?" "खालच्या कप्प्यांतल्या स्टीलच्या." "अग, ती लोण्याची. तिला विरजण लागलेलें आहे. पुण्याला तुमच्याकडे लोणी कढवीत नसतील, तुला कसें कळावें? चूक आमची, सांगायला हवें होतें."

त्या दुपारीं आम्ही चौघी पातेल्याभोवतीं बसलों आणि काय काय बिघडलें त्याचा हिशेब मांडला. चुका चार निघाल्या.

पहिली, दोऱ्यांची. कोंब खुडल्यानंतरही बुंध्याकडून निबर होत जातो; त्याच्या आंतील धागे लांकडासारखे होतात, आणि ते कितीही शिजविले तरी विरघळत नाहींत. यंत्र त्यांचे तुकडे करतें, नाहींसे करीत नाहीं. म्हणून कोंब सुरीनें चिरूंच नये. दोन्ही हातांत धरून वांकवावा; जेथें तो आपण होऊन कट्कन् मोडतो तेथें कोंवळा भाग संपला असें समजावें. मोडतांना दोरा लोंबला तर आणखी वर मोडावा. रानच्या कोंबांत बहुधा वरचा निम्माच भाग हातीं लागतो, हें धरूनच जुड्या घ्याव्या.

दुसरी, रंगाची. भाजीचा हिरवा रंग आम्लानें मरतो. शिजतांना भाजींतूनच थोडें आम्ल बाहेर पडतें. झांकण ठेविलें कीं तें वाफेबरोबर जात नाहीं, आणि वेळ लांबला कीं हिरवा रंग करडा होतो. म्हणून उघड्या पातेल्यांत, खळखळ उकळत्या मिठाच्या पाण्यांत आणि थोडाच वेळ शिजवावें. लगेच थंड पाण्यांत काढावें. कांहीं जणी रंग टिकविण्यासाठीं चिमूटभर सोडा घालतात. त्यानें रंग टिकतो खरा, पण भाजी बुळबुळीत होते व तिच्यांतील जीवनसत्त्व नाश पावतें. आजाऱ्याच्या अन्नांत तरी हें करूं नये.

तिसरी, सायीची. विरजण लागलेली साय आंबट असते; आम्ल आणि उकळी यांची गांठ पडली कीं दुधांतील प्रथिनें गोळा होतात व पाणी वेगळें होतें. पनीर करतांना आपण हेंच मुद्दाम करतों. सुपाला त्याच दिवशींच्या तापविलेल्या दुधाची गोड साय पाहिजे. ती विस्तवावर नव्हे, खालीं उतरवून घालावी, आणि त्याआधीं तिच्यांत दोन पळ्या गरम सूप घालून तिला ऊब द्यावी. पातेल्यांत थोडें पिष्ट असलें तर तेंही प्रथिनांना एकमेकांस चिकटूं देत नाहीं. तांदूळ किंवा बटाटा घालावयाचा तो दाटपणासाठीं आणि याहीसाठीं.

चौथी, घुसळण्याची. साय घालून यंत्र फिरविलें तर लोण्याचे कण निघून सूप तेलकट होतें. म्हणून आधीं सारें बारीक करून, गाळून घ्यावें. साय अगदीं शेवटीं, हातानें फेटून.

हा हिशेब झाल्यावर पुढच्या बाजारीं पुन्हां जुड्या आणल्या. या वेळीं सून पुढें आणि आम्ही तिघी हाताखालीं. आमच्या घरीं आतां जें मुरलें आहे तें प्रमाण पुढें देतें. हें पांच वाट्यांचें आहे.

साहित्य : निवडून उरलेले कोंवळे कोंब पाव किलो, त्यांचे टाकलेले निबर देंठ, तांदूळ दोन चमचे, किंवा एक लहान बटाटा, साजूक तूप अथवा ताजें लोणी एक मोठा चमचा, दूध एक वाटी, गोड ताजी साय अर्धी वाटी, मीठ, पांढऱ्या मिऱ्याची पूड पाव चमचा. आमच्याकडे चातुर्मासांत कांदा-लसूण वर्ज्य, म्हणून कांदा घालीत नाहींत. आणि मला तर त्यावांचूनच कोंबाची चव अधिक स्वच्छ लागते. ज्यांना चालतो त्यांनीं अर्धा लहान कांदा तुपावर, तांबूस होऊं न देतां, परतून घ्यावा.

कृति : निबर देंठ धुवून ठेंचावे व पांच वाट्या पाण्यांत वीस मिनिटें उकळावे. हें पाणी गाळून ठेवावें आणि चोथा टाकावा. यामुळें जो भाग फुकट जावयाचा त्याची चव कामीं येते. हें पाणी चाखून पाहावें; फार कडू लागलें तर निम्मेंच घेऊन बाकी साधें पाणी घालावें. तांदूळ धुवून या पाण्यांत अगदीं मऊ, जवळजवळ पेजेसारखा शिजवावा. दुसऱ्या पातेल्यांत मिठाचें पाणी खळखळ उकळून त्यांत कोंवळे कोंब दोन मिनिटें टाकावे, मग थंड पाण्यांत काढून निथळावे. रानच्या कोंबांचा कडसरपणा या पाण्याबरोबर पुष्कळसा जातो, म्हणून तें पाणी सुपांत घेऊं नये. विलायती जाड कोंब असतील तर या पायरीची गरज नाहीं. आतां दहाबारा नाजुक टोंकें बाजूस काढून ठेवावीं. बाकीचे कोंब चिरून तुपावर मिनिटभर परतावे व शिजलेल्या तांदळाच्या पातेल्यांत टाकून झांकण न ठेवितां पांच-सहा मिनिटें शिजूं द्यावे. बोटानें दाबतां सहज चेपला कीं उतरवावें.

जरा निवाल्यावर यंत्रांतून बारीक करावें. त्यानंतरची पायरी आजाऱ्याच्या दृष्टीनें सर्वांत महत्त्वाची : तें सर्व बारीक जाळीच्या पुरणयंत्रांतून किंवा दाट गाळण्यांतून पळीनें दाबून काढावें. सासूबाईंनीं पुरणयंत्र पुढें केलें तेव्हां सून चकित झाली; पण दोऱ्यांचा बंदोबस्त त्यानें जसा झाला तसा विजेच्या यंत्रानें झाला नव्हता. गाळलेलें सूप पुन्हां मंद विस्तवावर ठेवून दूध घालावें आणि वाफ येईपर्यंत ढवळावें, उकळूं नये. खालीं उतरवून, ऊब दिलेली साय फेटून हळूहळू मिसळावी. मीठ व मिऱ्याची पूड शेवटीं. बाजूस ठेविलेलीं टोंकें थेंबभर तुपांत परतून, चावतां येणाऱ्या माणसांच्या वाटींत दोन दोन सोडावीं. लिंबू आवडत असेल तर तें पातेल्यांत कधींही पिळूं नये. पानांत, खातांखातां, चार थेंब घ्यावे. उरलेलें सूप पुन्हां गरम करावयाचें तर मंद आंचेवर, आणि उकळी न आणितां.

त्या दिवशीं संध्याकाळीं सुनेनें चांदीच्या वाटींत तें फिकट पोपटी सूप नेलें. सासूबाई नेहमींप्रमाणें जवळ बसल्या. मी दाराआड उभी होतें. पहिला चमचा झाला, दुसरा झाला. तिसऱ्यानंतर मामंजी थांबले तेव्हां माझ्या पोटांत गोळा आला. पण ते म्हणाले, "कडू आहे ग थोडें. बरें वाटतें. इतके दिवस सगळें गुळचट नाहीं तर आळणी." आणि वाटी संपविली. दुसऱ्या दिवशीं त्यांनीं आपण होऊन विचारलें, "आज तें आहे का?" सुपानें कांहीं चमत्कार केला असें मी म्हणणार नाहीं, एका वाटींत असतें तरी किती? परंतु त्या वाटीनें जेवणाची वाट उघडली. सुपामागून दोन घांस भात, मग पातळ भाजी, मग अर्धी मऊ पोळी, असें करतां करतां श्रावणअखेर वजन परत चढूं लागलें आणि नळीचा प्रश्न मिटला.

आजाऱ्याला देणाऱ्या भगिनींसाठीं चार सावधगिरीच्या गोष्टी सांगतें. पातळ पदार्थ गिळतांना ज्याला वारंवार ठसका लागतो, त्याला डॉक्टरांना विचारल्यावांचून कोणतेंच सूप देऊं नये. आमच्या मामंजींचें गिळणें तपासून घेतलें होतें. रक्त पातळ राखण्यासाठीं वॉरफरिनसारखें औषध चालू असेल, तर हिरव्या भाज्यांचें रोजचें प्रमाण एकदम वाढवूं नये, कारण त्यांतील के जीवनसत्त्व त्या औषधाच्या उलट काम करतें. हृदयाच्या रोग्यासाठीं मीठ व साय दोन्ही बेतानें घालावीं. कोंब खाल्ल्यावर कांहींच्या लघवीला उग्र वास येतो; तो या भाजींतील गंधकयुक्त पदार्थाचा असतो व त्यांत भिण्यासारखें कांहीं नाहीं. आणि शतावरीच्या मुळाचे जे गुण वैद्यकांत सांगितले आहेत, ते कोंबाच्या सुपानें मिळतील अशी आशा धरूं नये. बाळंतिणीनें हें सूप आवडीनें प्यावें, पण दूध येण्याचें औषध म्हणून नव्हे. कोंबांत फोलेट चांगलें असतें, आणि भाजी म्हणून एवढा गुण पुरेसा आहे. तांबडीं फळें मात्र खाऊं नयेत, आणि कुंपणावर दिसलेला कोणताही कोंब आपल्याच बुद्धीनें खुडूं नये. शोभेसाठीं कुंडींत लावतात ती वनस्पति याच प्रजातींतली असली तरी ती खावयाची नव्हे. जी बाई वर्षानुवर्षें रान ओळखते तिच्याकडूनच घ्यावें.

तिच्याचविषयीं लिहिणें राहिलें आहे, आणि तें लिहितांना मला थोडी लाज वाटते. पहिल्या बाजारीं तिनें जुडीचे वीस रुपये सांगितले होते. मीं सवयीनें घासाघीस करून पंधरांना घेतली. तीच भाजी डब्यांतून आली असती तर तिच्या कितीतरी पट किंमत मुकाट्यानें मोजली असती. मामंजी जेवूं लागल्यावर मी मोठ्या उत्साहानें तिच्याकडे गेलें आणि म्हणालें, "मावशी, पुढच्या आठवड्यापासून दहा जुड्या आणीत जा. सगळ्या मी घेईन." मला वाटलें, तिला आनंद होईल. ती हंसली आणि मान हलवून म्हणाली, "दहा नाहीं होणार, बाई. एका वेलाचे दोन कोंब घेतों आम्ही. बाकीचे वर जाऊं द्यायचे. सगळे खुडले तर पुढच्या सालीं काय खुडूं?" मग तिनें सांगितलें कीं हिंवाळ्यांत मुळें खणणारे येतात, तेव्हां वेलच्या वेल उपटून पोतीं भरतात, आणि तिच्या पाड्याजवळच्या उतारावर जेथें लहानपणीं वेलांची जाळी होती तेथें आतां शोधावे लागतात.

मी घरीं येऊन तें फडताळ उघडलें. कल्पाची बरणी तेथें होती. तिच्यांतलें मूळ कोठून आलें, हा प्रश्न इतक्या वर्षांत आमच्यापैकीं कोणाला पडला नव्हता. शतावरी ही औषधी बाजारांत फार मोठ्या मागणीच्या वनस्पतींपैकीं एक आहे. २००० सालीं केंद्र सरकारनें स्थापिलेलें राष्ट्रीय औषधी वनस्पति मंडळ तिच्या लागवडीस उत्तेजन देतें, तें रानावरचा हा भार हलका व्हावा म्हणूनही. २००६ च्या वनहक्क कायद्यानें वनवासी कुटुंबांना गौण वनोपज गोळा करण्याचा व विकण्याचा हक्क दिला आहे. पण कायद्यानें मिळालेल्या हक्काला बाजारांत भाव देणें आपल्या हातीं आहे. दोन कोंब सोडून दोनच घेणारीला पंधरा रुपये देऊन आपण काय शिकवतों? एवढेंच कीं सगळें खणून विकणारा शहाणा. आतां आम्ही तिनें सांगितलेला भाव देतों, एका बाजारीं दोनच जुड्या घेतों, आणि मुळांचें चूर्ण घ्यावयाचें तर तें लागवडीच्या शतावरीचें आहे का हें विचारून घेतों. सूप आठवड्यांतून एकदांच होतें. बाकीच्या दिवशीं त्याच कृतीनें दुधी, पालक किंवा कोंवळ्या शेवग्याच्या शेंगांचा गर घेतों. शेंगांनाही पुरणयंत्र हवेंच.

याशिवाय आणखी एक उद्योग चालला आहे. मागच्या अंगणांत, तुळशीपलीकडे, जेथें जुना जाईचा मांडव मोकळा पडला होता, तेथें सुनेनें यंदा पावसाच्या तोंडाशीं शतावरीचीं रोपें लाविलीं. बीं त्या मावशींनींच आणून दिलें होतें. बीं उगवायला वेळ लागतो. रात्रभर पाण्यांत भिजवून पेरलें तर बरें, आणि पाणी सांचणारी जागा मुळांना सोसत नाहीं. पहिलीं दोन वर्षें एकही कोंब खुडावयाचा नाहीं, कारण तोंवर मूळ बळ धरीत असतें; त्यापुढें वर्षाला थोडे थोडे घेतां येतात, आणि वेल पुष्कळ वर्षें टिकतो. मामंजी संध्याकाळीं काठी टेकीत तेथें जातात व बोटभर रोपांची मोजणी करतात. काल म्हणाले, "दोन वर्षें थांबायचें म्हणजे मी शहाऐंशी-सत्त्याऐंशीचा होईन." सून म्हणाली, "मग काय झालें? पहिली वाटी तुमचीच." त्यांनीं मान डोलविली आणि सांगितलें, "आणि दुसरी त्या बाईला दे."

ज्यांच्या गांवीं शतावरीच्या कोंबांची भाजी पूर्वींपासून होते, त्या भगिनींनीं आपापली रीत या सदराकडे अवश्य लिहून पाठवावी. विशेषतः कडसरपणा काढण्याची आमच्याहून सोपी युक्ति कोणास ठाऊक असेल तर ती आम्हांला हवी आहे.